एडिंबराची रात्रफेरी

एडिंबराच्या जुन्या शहरात, सेंट जाइल्स चर्चच्या पूर्वेला, मर्काट क्रॉस नावाचा दगडी स्तंभ आहे. स्कॉटलंडच्या राजांची फर्माने इथे वाचली जात. सप्टेंबर २०२२ मध्ये तिसऱ्या चार्ल्सच्या राज्यारोहणाची द्वाही फिरली तीही इथेच. याच परिसरात रोज संध्याकाळी काळे झगे पांघरलेले गाइड येऊन उभे राहतात. कुणाच्या हातात कंदील असतो, कुणाच्या हातात बॅटरी. त्यांच्याभोवती वीस-पंचवीस पर्यटकांचे घोळके जमतात आणि पुढचा तास-दीड तास बोळाबोळांतून, पुलाखालच्या तळघरांतून आणि कबरस्तानातून हिंडतात. या फेरीला घोस्ट टूर म्हणतात. उन्हाळ्याच्या दिवसांत एका रात्रीत असे कितीतरी घोळके एकमेकांना ओलांडून जातात. एका कंपनीचा गाइड बोलत असला तर दुसरा आपली माणसे घेऊन कोपऱ्यावर थांबतो, इतकी ही वहिवाट आता पक्की झाली आहे.

ही रीत मात्र फार जुनी नाही. इंग्लंडमधल्या यॉर्क शहरात १९७३ मध्ये सुरू झालेली फेरी या प्रकारातली पहिली मानली जाते. एडिंबरात तिने १९८०च्या दशकात मूळ धरले. तिथल्या मोठ्या कंपन्यांपैकी मर्काट टूर्स १९८५ मध्ये सुरू झाली आणि ती सुरू करणारे इतिहासाचे शिक्षक होते. परक्या माणसाला पैसे घेऊन शहर दाखवण्याचा धंदा मात्र एडिंबराला त्याच्या कितीतरी आधीपासून ठाऊक आहे. अठराव्या शतकात इथे ‘कॅडी’ नावाची माणसे असत. निरोप पोचवायचा, ओझे वाहायचे, रात्री दिवटी धरून वाट दाखवायची ही त्यांची कामे. कोण कोणत्या बोळात, कितव्या मजल्यावर राहतो, हे त्यांना तोंडपाठ असे. गोल्फच्या मैदानावर काठ्या वाहणाऱ्याला कॅडी म्हणतात तो शब्द हाच. आजचा झगेवाला गाइड या कॅडीचा वारस म्हणायला हरकत नाही. एका पिढीचे शहर दुसऱ्या पिढीच्या माणसाला दाखवण्याचे काम तेवढे त्याने नव्याने अंगावर घेतले आहे.

हे सगळे एडिंबरातच इतके का फोफावले, याचे उत्तर तिथल्या जमिनीत आहे. विझलेल्या ज्वालामुखीच्या कातळावर किल्ला आणि तिथून पूर्वेकडे उतरत जाणारी डोंगराची सोंड, असे हे जुने शहर. सोंडेच्या माथ्यावरून किल्ल्यापासून हॉलीरूड राजवाड्यापर्यंत एकच मुख्य रस्ता जातो. त्याला रॉयल माइल म्हणतात आणि तो सुमारे १.८ किलोमीटर लांब आहे. माशाच्या कण्याला काटे असावेत तसे या रस्त्याच्या दोन्ही बाजूंना अरुंद बोळ उतरतात. त्यांना ‘क्लोज’ म्हणतात. १५१३ मध्ये फ्लॉडनच्या लढाईत स्कॉटलंडचा राजा पडला. इंग्रजांच्या धास्तीने शहराने दक्षिणेला तट बांधायला घेतला. उत्तरेला नॉर लॉख नावाचा तलाव होता. पसरायला जागा नाही म्हटल्यावर शहर वर चढत गेले. दहा-दहा मजल्यांच्या दगडी चाळी उभ्या राहिल्या. युरोपात त्या काळी राहण्याच्या इतक्या उंच इमारती क्वचितच होत्या.

या चाळींत गरीब आणि श्रीमंत एकाच जिन्याने चढत. मधल्या मजल्यांवर वकील, न्यायाधीश, सरदार. अगदी वर आणि अगदी खाली मोलमजुरी करणारे. रात्री खिडक्यांतून घाण पाणी खाली ओतले जाई आणि ओतण्यापूर्वी ‘गार्डी-लू’ अशी आरोळी दिली जाई. ते पाणी बोळांतून वाहत तलावात जाई. १७६७ मध्ये जेम्स क्रेग या तरुण वास्तुकाराच्या नकाशाप्रमाणे तलावापलीकडे नवे शहर बांधायला सुरुवात झाली. रुंद रस्ते, चौक, बागा पाहून पैसेवाले तिकडे गेले. तलाव हळूहळू उपसला गेला. आज तिथे प्रिन्सेस स्ट्रीटच्या बागा आहेत. जुन्या शहरात उरले ते ज्यांना जाता येत नव्हते ते. रात्रफेरीत भेटणारी बहुतेक भुते या मागे राहिलेल्या माणसांची आहेत, आणि एडिंबराच्या फेरीचे मोल त्यात आहे.

फेरी बहुधा शिक्षेच्या गोष्टीने सुरू होते. रॉयल माइलवर ट्रॉन नावाचा सार्वजनिक तराजू होता. वजनात खोट करणाऱ्या व्यापाऱ्याचा कान तिथल्या खांबाला खिळ्याने ठोकत. गाइड घोळक्यातून एखादा उंच, हसरा तरुण निवडतो, त्याला भिंतीशी उभा करतो आणि लोकांकडे वळून विचारतो, ‘याने पावाचे वजन मारले, काय करायचे?’ लोक हसत हसत शिक्षा ओरडतात. मग गाइड आवाज खाली आणतो. खिळा ठोकल्यावर अधिकारी निघून जात, आणि सुटायचे तर माणसाला स्वतःच आपला कान फाडून घ्यावा लागे, असे तो सांगतो. भिंतीशी उभ्या असलेल्या तरुणाचा हात नकळत कानाकडे जातो. तेवढ्या एका हालचालीने घोळका शांत होतो. आपण मघाशी काय ओरडलो, हे प्रत्येकाला कळलेले असते. चांगल्या गाइडची सारी विद्या या दहा मिनिटांत दिसते: आधी लोकांना गर्दीचा भाग करायचे आणि मग त्या गर्दीनेच पूर्वी काय केले ते दाखवायचे.

सगळ्याच फेऱ्या अशा नसतात. काहींत अंधारातून अंगावर उडी मारायला एक माणूस दबा धरून बसलेला असतो. या धंद्यात त्याला ‘जंपर-ऊटर’ म्हणतात. त्याच्या उडीने किंकाळी फुटते, पाठोपाठ हसू फुटते, आणि आधी सांगितलेले सगळे वाहून जाते. लहान मुलांना ही मजा हवीहवीशी वाटते, त्यात गैरही काही नाही. पण ज्या जागी खरोखर माणसे उपासमारीने मेली तिथे खोटी किंकाळी शोभत नाही, आणि जाणते गाइड ती तिथे वापरत नाहीत.

मर्काट क्रॉससमोरच्या नगरपालिकेच्या इमारतीखाली मेरी किंग्ज क्लोज दडलेला आहे. तो पाहायला वेगळे तिकीट लागते आणि तिथले गाइड सतराव्या शतकातल्या रहिवाशांच्या वेषात येतात. मेरी किंग ही कापडाचा व्यापार करणारी विधवा. बाईच्या नावाने बोळ ओळखला जाणे त्या काळी दुर्मीळ होते. १७५३ मध्ये या उतारावर रॉयल एक्स्चेंज बांधायला घेतले तेव्हा बोळातल्या चाळींचे वरचे मजले उतरवले आणि खालचे मजले नव्या इमारतीचा पाया म्हणून तसेच ठेवले. त्यामुळे एक आख्खी गल्ली, तिचा उतार, तिच्या खोल्या, चुली, दारे जमिनीखाली राहिली. बोळाच्या एका टोकाला पुढेही लोक राहत होते. करवती बनवणारे चेस्नी कुटुंब १९०२ मध्ये तिथून हलले, ते शेवटचे. २००३ पासून हा बोळ पर्यटकांसाठी रीतसर खुला झाला.

या बोळाची सर्वात ऐकीव गोष्ट प्लेगची आहे. १६४५ मध्ये शहरात प्लेग आला, तेव्हा मेरी किंग्ज क्लोजच्या रहिवाशांना आत कोंडून दोन्ही टोके चिणली गेली आणि ते भुकेने तडफडून मेले, असे पिढ्यान्‌पिढ्या सांगितले गेले. कागदपत्रे निराळे सांगतात. आजारी कुटुंबांना घरात विलग ठेवले जाई, दारावर खूण केली जाई आणि शहराच्या खर्चाने त्यांना अन्न पोचवले जाई. अनेकांना शहराबाहेरच्या मैदानांतल्या झोपड्यांत हलवले होते. पहिला प्लेगचा वैद्य त्याच साथीत मेला. मग जॉर्ज रे याला नेमले. डोक्यापासून पायापर्यंत चामड्याने झाकलेला, चोचीचा मुखवटा घातलेला हा वैद्य गाठी कापून तप्त लोखंडाने डागत असे. तो जगला, आणि कबूल केलेला पगार मिळवण्यासाठी पुढे त्याला नगरपालिकेचे उंबरे झिजवावे लागले. चिणलेल्या भिंतीच्या कल्पित कथेपेक्षा ही हकीकत मनात जास्त घर करते. १८९७च्या प्लेगात पुण्यात घरोघर झालेल्या झडत्या ज्यांनी आपल्या पणजोबांकडून ऐकल्या आहेत, त्यांना दारावरच्या त्या खुणेचा अर्थ वेगळा समजावून सांगावा लागत नाही.

बोळातल्या भुतांची पहिली छापील नोंद १६८५ची आहे. ग्लासगोत प्राध्यापकी केलेल्या जॉर्ज सिंक्लेअरने सैतानाच्या अस्तित्वाचे पुरावे म्हणून एक पुस्तक लिहिले. त्यात टॉमस कोल्टहार्ट या गृहस्थाच्या घरात हवेत तरंगणारे मुंडके आणि तुटलेला हात दिसल्याची हकीकत येते. सिंक्लेअर विज्ञानाचा माणूस होता. पाण्याचा दाब, खाणी, पाणबुड्यांची घंटा यांवर त्याने काम केले होते. त्याच्या काळात भूत मानणे आणि दाब मोजणे एकाच डोक्यात सुखाने नांदत होते. १९९२ मध्ये एका जपानी अतींद्रिय माध्यमाला या बोळातल्या एका खोलीत छोट्या मुलीचा भास झाला. आपली बाहुली हरवली म्हणून ती रडत होती, असे त्या बाईंनी सांगितले आणि एक बाहुली आणून ठेवली. तेव्हापासून जगभरचे लोक त्या खोलीत बाहुल्या, खेळणी, नाणी ठेवतात. ते पैसे मुलांसाठीच्या धर्मादाय कामाला दिले जातात. ‘अ‍ॅनी’ म्हणून ओळखली जाणारी ही मुलगी तिथे राहत होती याला कोणताही आधार नाही. पण या खोल्यांतून मुले मेली, शेकड्यांनी मेली, याला आहे, आणि लोक बाहुली ठेवतात ती त्यांच्यासाठीच आहे.

रात्रफेरीचा खरा गाभा साउथ ब्रिजखाली आहे. १७८५ मध्ये काउगेटच्या दरीवर हा पूल बांधायला घेतला आणि १७८८ मध्ये तो वापरात आला. त्याला १९ कमानी आहेत. त्यांपैकी एकच आज उघडी दिसते. बाकीच्या दोन्ही बाजूंच्या इमारतींनी झाकल्या गेल्या. कमानींच्या पोकळीत मजले टाकून खोल्या काढल्या आणि त्या वरच्या दुकानदारांना भाड्याने दिल्या. कोणी चांभार, कोणी दारूचा साठा करणारा, कोणी खानावळवाला. पुलाचा वरचा भाग पाणी झिरपणार नाही असा बांधलाच नव्हता. काही वर्षांत खोल्या गळू लागल्या, माल खराब होऊ लागला आणि धंदेवाले निघून गेले. त्यांच्या जागी ज्यांना दुसरीकडे कुठेच छप्पर नव्हते ते राहायला आले. पुढे ही तळघरे राडारोडा टाकून बुजवली गेली आणि विस्मृतीत गेली. १९८०च्या दशकात स्कॉटलंडचे माजी रग्बीपटू नॉरी रोवन यांना ती पुन्हा सापडली. राडारोडा उपसताना कालवांच्या शिंपल्यांचे ढीग, बाटल्या, मातीची भांडी, मुलांची खेळणी निघाली. कालव हे तेव्हा गरिबाचे खाणे होते.

आत शिरल्यावर पहिल्यांदा लागतो तो वास: ओल्या चुन्याचा, धुळीचा, बंद जागेचा. कमान डोक्यावरून उतरत खांद्याशी येते. खिडकी नाही. वरून बस गेली की दगडातून घुमारा उतरतो आणि विरतो. गाइड मेणबत्ती धरून भिंतीवरचे काजळ दाखवतो. माशाच्या तेलाच्या दिव्यांनी ते धरले आहे. मग तो मेणबत्ती विझवतो आणि काही बोलत नाही. अर्ध्या मिनिटात श्वास ऐकू येऊ लागतात, आधी शेजाऱ्याचे, मग स्वतःचे. कुठूनतरी एक थेंब पडतो. या खोलीत दहा-दहा माणसे राहत होती, मुले इथेच जन्मत होती, असे गाइड अंधारातच सांगतो. त्यानंतर ‘मिस्टर बूट्स’ची गोष्ट येते, बुटांचा आवाज करत मागून येणाऱ्या, कानाशी पुटपुटणाऱ्या माणसाची. ती गोष्ट नसती तरी चालले असते. त्या अर्ध्या मिनिटाच्या अंधारात जे कळते ते कुठल्याही पुस्तकातून कळणार नाही.

या तळघरांत लोकांना खरोखर काही जाणवते का, याचा अभ्यासही झाला आहे. मानसशास्त्रज्ञ रिचर्ड वाइझमन यांनी २००१ मध्ये एडिंबराच्या विज्ञान महोत्सवात स्वयंसेवकांना एकेकट्याने वेगवेगळ्या तळघरांत काही मिनिटे बसवले आणि काय जाणवले ते लिहून घेतले. अचानक थंडी वाजणे, कोणी पाहत असल्याची भावना, पावलांचे आवाज, कपडा ओढल्यासारखे वाटणे असे अनुभव पुष्कळांनी नोंदवले. ज्या तळघरांची ‘झपाटलेली’ म्हणून ख्याती होती तिथे असे अनुभव जास्त आले, स्वयंसेवकांना ती ख्याती आधी ठाऊक नसतानाही. पण त्या खोल्यांची उंची आणि उजेड यांच्याशी या अनुभवांचा संबंध दिसला. २००३ मध्ये हे निष्कर्ष ब्रिटिश मानसशास्त्राच्या नियतकालिकात प्रसिद्ध झाले. म्हणजे लोक खोटे बोलत नव्हते आणि भूतही नव्हते. काही खोल्यांची घडणच अशी असते की शरीर सावध होते, आणि त्या सावधपणाला नाव द्यायला मन भूत शोधते. या निष्कर्षाने फेरीची गंमत कमी होत नाही. चांगले गाइड हा प्रयोग स्वतःहून सांगतात.

किल्ल्यासमोरच्या पटांगणाच्या तोंडाशी, भिंतीत, एक लहानसे कारंजे आहे. त्याला चेटकिणींची विहीर म्हणतात. स्कॉटलंडमध्ये १५६३ पासून १७३६ पर्यंत चेटूक हा कायद्याने देहान्ताचा गुन्हा होता. एडिंबरा विद्यापीठाच्या संशोधकांनी नोंदी चाळून ३,८३७ आरोपींची यादी केली आहे. त्यांत सुमारे ८४ टक्के स्त्रिया होत्या. अ‍ॅग्नेस सॅम्पसन ही औषधपाणी करणारी सुईण. राजा सहावा जेम्स याने तिची स्वतः उलटतपासणी केली आणि १५९१ मध्ये तिला याच टेकडीवर गळा आवळून मारले व जाळले. हे कारंजे १८९४ मध्ये उभारून घेतले ते पॅट्रिक गेडिस यांनी. नगररचनेच्या जगात गेडिस हे मोठे नाव. जुन्या शहरातले बोळ सरसकट पाडायला निघालेल्या काळात ते सहकुटुंब त्याच वस्तीत राहायला गेले आणि नेमके तेवढेच पाडून बाकीचे जपायचे, ही पद्धत त्यांनी करून दाखवली. हेच गेडिस १९१९ ते १९२४ मुंबई विद्यापीठात समाजशास्त्राचे प्राध्यापक होते, डॉ. गो. स. घुर्ये त्यांचे विद्यार्थी. रात्रफेरीला आज जे बोळ हिंडायला मिळतात त्यांतले काही गेडिस यांच्यामुळे उरले. कारंज्यावरच्या पाटीत मात्र काही चेटकिणी वाईट हेतूच्या आणि काही चांगल्या, असा सूर आहे. तो आजच्या माणसाला खटकतो आणि खटकायलाच हवा. ८ मार्च २०२२ रोजी स्कॉटलंडच्या तेव्हाच्या फर्स्ट मिनिस्टर निकोला स्टर्जन यांनी या सर्वांची संसदेत औपचारिक क्षमा मागितली.

किल्ल्याच्या कड्याखाली ग्रासमार्केट आहे. गुरांचा बाजार आणि फाशीचा माळ, दोन्ही एकाच जागी. इथे २ सप्टेंबर १७२४ रोजी मॅगी डिक्सनला फाशी दिली. गरोदरपण लपवले आणि मूल मेलेले सापडले, एवढ्यावर त्या काळचा कायदा आईला खुनी धरत असे. तिचे नातेवाईक शवपेटी गाडीवर घालून मसलबराला निघाले. वाटेत दारू प्यायला थांबले असताना पेटीतून आवाज आला. मॅगी जिवंत होती, आणि पुढे कित्येक वर्षे जगली. तिच्या नावाची खानावळ आज तिथेच आहे. भुतांच्या फेरीतली ही एकुलती एक सुखान्त गोष्ट. गाइड ती सांगतात तेव्हा लोक टाळ्या वाजवतात.

ग्रासमार्केटच्या पश्चिमेला वेस्ट पोर्ट लागतो. बर्क आणि हेअर इथलेच. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी एडिंबरा हे वैद्यकशिक्षणाचे मोठे केंद्र होते आणि शरीररचना शिकवायला प्रेते अपुरी पडत. कायद्याने मिळणारी प्रेते थोडीच असत. त्यामुळे ताज्या कबरी उकरून प्रेते विकणारे निपजले. लोकांनी कबरींवर लोखंडी पिंजरे बसवले आणि स्मशानांत पहाऱ्याचे बुरूज बांधले. विल्यम बर्क आणि विल्यम हेअर यांनी कबर उकरलीच नाही. १८२७ च्या अखेरीस हेअरच्या लॉजमध्ये एक म्हातारा भाडेकरू चार पौंडांची बाकी ठेवून मेला. त्यांनी त्याचे प्रेत डॉ. रॉबर्ट नॉक्स यांच्या शरीरशाळेत सात पौंड दहा शिलिंगांना विकले. मग मरणाची वाट पाहायची कशाला, असा हिशेब झाला. १८२८च्या ऑक्टोबर-अखेरपर्यंत त्यांनी १६ जणांना दारू पाजून, नाक-तोंड दाबून मारले. भाडेकरू, भिकारी, वाटसरू बाया, आणि जेमी विल्सन नावाचा गतिमंद तरुण, ज्याला सारे शहर ओळखत होते. हेअर माफीचा साक्षीदार झाला आणि सुटला. नॉक्सवर खटलाच झाला नाही. २८ जानेवारी १८२९ रोजी बर्कला प्रचंड गर्दीसमोर फाशी दिली आणि न्यायाधीशांच्या हुकमाने त्याचे भर वर्गात विच्छेदन झाले. त्याचा सांगाडा विद्यापीठाच्या शरीररचना संग्रहालयात आजही आहे. या प्रकरणानंतर १८३२चा कायदा आला आणि प्रेतांचा चोरटा बाजार संपला. पण त्या कायद्याने शरीरशाळांना प्रेते मिळाली ती मुख्यतः गरीबघरांत आणि इस्पितळांत बेवारस मेलेल्यांची. फेरीत ही शेवटची ओळ क्वचितच ऐकू येते. ती सांगायला हवी, कारण गरिबाच्या देहाची किंमत लावण्याचे काम बर्कनंतर कायद्याने केले.

बहुतेक फेऱ्यांचा शेवट ग्रेफ्रायर्सच्या कबरस्तानात होतो. १५६२ मध्ये राणी मेरीने फ्रान्सिस्कन मठाची ही जमीन शहराला दिली. इथल्या चर्चमध्ये १६३८ साली राष्ट्रीय प्रतिज्ञापत्रावर सह्या झाल्या. राजाने धर्मव्यवस्थेत हात घालू नये, असा त्याचा आशय. प्रतिज्ञा पाळणारे ते कव्हेनंटर. जून १६७९ मध्ये बॉथवेल ब्रिजच्या लढाईत त्यांचा पराभव झाला आणि सुमारे १,२०० कैदी या कबरस्तानाला लागून असलेल्या उघड्या मैदानात आणून ठेवले. छप्पर नाही, पांघरूण नाही, रोज थोडासा पाव. नोव्हेंबरपर्यंत अनेक जण मेले, अनेकांना शरणपत्र लिहून घेऊन सोडले. उरलेल्या अडीचशेच्या वर कैद्यांना गुलामीसाठी अमेरिकेकडे जाणाऱ्या जहाजात कोंबले. डिसेंबरात ते जहाज ऑर्कनी बेटांजवळ खडकावर फुटले. खालचे दरवाजे बंद होते. सुमारे दोनशे जण बुडाले.

या छळामागचा सरकारी वकील सर जॉर्ज मॅकेन्झी. तोही याच कबरस्तानात, त्या मैदानापासून हाकेच्या अंतरावर, घुमटाच्या मोठ्या समाधीत पुरला आहे. लोकांनी त्याला ‘रक्तपिपासू मॅकेन्झी’ म्हटले. शहरातली मुले समाधीच्या दाराशी जाऊन त्याला बाहेर ये म्हणून आव्हान देत आणि धूम ठोकत. पण याच मॅकेन्झीने चेटकिणींच्या खटल्यांतल्या खोट्या कबुलीजबाबांवर टीका केली होती, आणि १६८९ मध्ये उघडलेले वकिलांचे ग्रंथालयही त्याचेच काम. स्कॉटलंडच्या राष्ट्रीय ग्रंथालयाचा पाया तो. क्रूर माणूस अडाणी असतोच असे नाही, हे त्याच्या चरित्राने पुरते सिद्ध केले आहे.

१९९८ च्या डिसेंबरात थंडीपासून निवारा शोधणारा एक बेघर माणूस या समाधीत शिरला आणि खालच्या प्रेतांच्या खड्ड्यात पडला, अशी कथा सांगतात. त्यानंतर तिथे येणाऱ्यांना ओरखडे उठणे, चक्कर येणे, गारठा जाणवणे सुरू झाले. नगरपालिकेने कव्हेनंटरांच्या तुरुंगाचे फाटक बंद केले. पुढच्या वर्षी लेखक जॅन-अँड्र्यू हेंडरसन यांनी परवानगी घेऊन तिथे रात्रीची फेरी सुरू केली. तेव्हापासून ओरखड्यांच्या, बेशुद्ध पडण्याच्या नोंदी ठेवल्या जात आहेत. दाटीवाटीने अंधारात उभी असलेली, काहीतरी होणार अशी वाट पाहणारी माणसे. त्यांतल्या कोणाच्या अंगावर घरी गेल्यावर ओरखडा सापडणे नवलाचे नाही. नवल वाटावे असे काही २००३ मध्ये घडले. दोन किशोरवयीन मुलांनी समाधी फोडून आतल्या एका प्रेताचे मस्तक काढले आणि कबरस्तानात त्याच्याशी खेळ केला. त्यांच्यावर कबरीच्या विटंबनेचा, क्वचितच लावला जाणारा, गुन्हा सिद्ध झाला. भुताची जाहिरात फार झाली की मेलेल्या माणसाची बूज राहत नाही, हे या घटनेने दाखवून दिले.

हॉलीरूड राजवाड्यातली गोष्ट फेरीच्या वाटेवर बहुधा येत नाही, पण मराठी वाचकाला तीच सर्वात ओळखीची वाटेल. ९ मार्च १५६६च्या रात्री राणी मेरीचा चिटणीस डेव्हिड रिझिओ याला सरदारांनी तिच्या जेवणाच्या दालनात गाठले. तो राणीच्या घागऱ्याला बिलगला. त्याला ओढून बाहेर नेले आणि भोसकले. दोनशे वर्षांनी, ३० ऑगस्ट १७७३ रोजी, शनिवारवाड्यात गारदी मागे लागले तेव्हा नारायणराव पेशवा काका रघुनाथरावाला असाच बिलगला होता. ‘काका मला वाचवा’ ही हाक पौर्णिमेच्या रात्री वाड्यात ऐकू येते, असे पुण्यात पिढ्यान्‌पिढ्या सांगतात. नारायणरावाला वाचवण्यासाठी त्याच्या अंगावर पडलेला सेवक चाफाजी टिळेकर त्याच्याबरोबर मारला गेला. त्याची हाक कोणी ऐकल्याचे ऐकिवात नाही. आपल्याकडे भूत होण्याचा मानही बहुधा पेशव्यालाच मिळतो. एडिंबराच्या बोळांनी तो चांभाराला, सुईणीला, भाडे थकलेल्या म्हाताऱ्याला दिला. शनिवारवाड्यात फिरताना जो कोणी गोष्ट सांगतो त्याने चाफाजीचे नाव घ्यावे, एवढे तरी करता येण्यासारखे आहे.

शिकायला किंवा नोकरीनिमित्त एडिंबराला जाणारे मराठी तरुण आता पुष्कळ आहेत आणि पहिल्या महिन्यातच त्यांतले बरेचसे अशी एखादी फेरी करतात. त्यांनी ती जरूर करावी. तिकीट काढण्यापूर्वी एवढे विचारावे की फेरी तळघरांत जाते की फक्त रस्त्यावरून, कारण दोहोंत फार फरक आहे. जाड चपला नव्हे, बूट घालावेत. गोल दगडांचे रस्ते पावसात निसरडे होतात. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी ग्रेफ्रायर्सला पुन्हा जावे. दिवसा कबरस्तानात जायला पैसे पडत नाहीत. लोखंडी पिंजरे तिथे उजेडात पाहता येतात. कव्हेनंटरांच्या तुरुंगाचे फाटक कुलूपबंद असते, पण गजांतून आतली हिरवळ आणि दोन्ही बाजूंच्या समाध्या स्पष्ट दिसतात.